बांधीतलं नाट्यगृह

संस्थेचा इतिहास लिहायचा म्हटलं की त्याचा साचा ठरलेला असतो. स्थापनेचं साल, नोंदणी क्रमांक, संस्थापकांचे गोल चौकटीतले फोटो, पायाभरणीला कोण मंत्री आले होते ते, आणि शेवटी देणगीदारांची यादी. संपादकांनी हे काम माझ्याकडे सोपवलं तेव्हा त्यांच्याही डोळ्यांपुढे तोच साचा असणार. पण मला ज्या संस्थेबद्दल लिहायचं आहे तिला इमारत नाही. तिची पायाभरणी दरवर्षी होते आणि बहुतेक वेळा वेगळ्याच शेतात होते. नोंदणी असलीच तर ती गावोगावच्या नाट्यमंडळांची. नाट्यगृहाची नोंद कुठेच सापडणार नाही. सातबाऱ्यावर त्या जागी धान लागलेला असतो.

पोंभुर्ण्यापासून घाटकुळ, उमरी पोतदार, नवेगाव मोरेपर्यंत, इकडे मूल-सावली, वैनगंगा ओलांडली की चामोर्शी, वर सिंदेवाही, नागभीड, ब्रह्मपुरी आणि थेट वडशाच्याही पलीकडे भंडारा-गोंदियापर्यंत, दिवाळी ते होळी या दिवसांत हे नाट्यगृह ठिकठिकाणी उभं राहतं आणि सकाळी मोडलं जातं. या साऱ्या मुलखाला झाडीपट्टी म्हणतात; तिच्या रंगभूमीवर आजवर जे लिहिलं गेलं ते नाटकांवर, नटांवर आणि वडशाच्या नाटक कंपन्यांवर. त्यात वावगं काही नाही. तरी मला वाटतं, या रंगभूमीची मूळ संस्था म्हणजे गावाने एका रात्रीपुरतं उभं केलेलं प्रेक्षागृहच. नाटक ठरवून आणता येतं, नट-नट्या बोलावता येतात, वाजवणारे मिळतात. पेंडॉल मात्र गावालाच घालावा लागतो, आणि ज्या वर्षी गावाचं एकमेकांशी पटत नाही त्या वर्षी तो घातला जात नाही.

सुरुवात जागेपासून. जागा आधी ठरत नाही, कारण ती धानावर अवलंबून असते. हलका धान लवकर निघतो, भारी धान मागून. म्हणून दिवाळीनंतरच्या पहिल्या नाटकांना हलक्या धानाची बांधी, म्हणजे बांध घातलेलं शेत, लागते. पौष-माघातल्या नाटकांना निवड करायला वाव मिळतो. त्यातही एक अडचण असते. धान उभा असतानाच बांधीच्या ओलीवर लाखोळी फेकण्याची आपल्याकडे रीत आहे. ज्याने लाखोळी फेकली त्याच्याकडे मंडळाची पोरं जागा मागायला जातच नाहीत. गेली तर म्हातारी काठी घेऊन धावते. जागा रस्त्याला लागून हवी, बैलगाड्या आणि आता मोटारसायकली लावायला बाजूला पड हवी, विजेचा खांब फार दूर नको आणि शेतमालक मंडळाच्या विरोधी गटातला नको. यातली शेवटची अट सगळ्यांत अवघड. मालक बहुधा भाडं घेत नाही. त्याचं नाव पत्रकावर ‘स्थळ’ या शब्दापुढे छापलं जातं, घरच्यांना पुढची जागा मिळते आणि वर्षभर तो ‘माह्या वावरात नाटक झालतं’ असं सांगत फिरतो. एवढ्यात व्यवहार मिटतो.

मग खोदाई. ज्याने हे कधी पाहिलं नाही त्याला खरं वाटणार नाही, पण आपलं प्रेक्षागृह जमिनीवर बांधत नाहीत, जमिनीत खणतात. मंचाकडे खोल आणि मागे उथळ अशी उतरती बैठक काढायची, निघालेली माती मंचासाठी पुढे लोटायची. बांधीची माती चिकट. पाऊस संपून महिना-दीड महिना झाला की ती कडक होते, फावड्याने कापलेली कड ढासळत नाही आणि बसणाऱ्याच्या वजनाने दबत नाही. बांधीचा धुरा मागे आयताच असतो. उशिरा आलेली आणि तिकीट न काढता घुसू पाहणारी मंडळी त्याच्यावर. उतारावर तणस पसरायची. तणशीची ऊब काय असते ते पौषातल्या रात्री दोन वाजता कळतं. पुढे खुर्च्या आल्या, त्यांचा वेगळा दर आला, खुर्चीवाल्यांच्या डोक्यामुळे मागच्यांना दिसत नाही हे भांडणही आलं. मी अजूनही खाली बसतो. खुर्चीत बसून झोप लागली तर मान आखडते; तणशीत लागली तर शेजारचा मुख्य प्रवेशाला उठवतो.

भोवतालची भिंत काळानुसार बदलत गेली. पूर्वी बुरडांनी विणलेल्या ताट्या आणि जंगलातल्या बल्ल्या. निस्तार हक्कात बांबू-बल्ली मिळायची आणि पेंडॉल मोडला की तोच बांबू कुणाच्या तरी कुडाला लागायचा. वनखात्याचे नियम कडक होत गेले आणि त्याच सुमारास मंडप डेकोरेशनवाल्यांचे लोखंडी पाइप आणि कनाती आल्या. आता वर शामियाना, बाजूला ताडपत्री किंवा टिनाचे पत्रे. बुरडाचं त्यातलं काम गेलं. सोय झाली हे खरं, पण पूर्वी या नाट्यगृहात गावाच्या प्रत्येक मोहल्ल्याच्या हातचं काही ना काही असे, तेवढं आता उरलं नाही.

आवाजाबद्दल थोडं विस्ताराने सांगायला हवं, कारण झाडीतल्या नाटकाची जी दंतकथा झाली आहे तिचं अर्धं कारण आवाज आहे. अंधारी नदीच्या या काठावर नाटक असलं की पलीकडच्या गावात पद ऐकू येतं, शब्दासकट. पूर्वीचे लोक याला गायकाच्या गळ्याचं सामर्थ्य म्हणत. गळे होतेच. पण हिवाळ्यातल्या निरभ्र रात्री जमीन आधी गार होते, तिच्यालगतची हवाही गार होते आणि वरची हवा त्या मानाने ऊबदार राहते. अशा वेळी आवाज वर विरून न जाता पुन्हा खाली वळतो आणि सपाट बांधीवरून लांबवर जातो. आत, खड्ड्यात, तणस आणि दाटीवाटीने बसलेली माणसं प्रतिध्वनी पिऊन टाकतात. वर छत पक्कं नाही, म्हणून घुमत नाही. शहरात नाट्यगृहाच्या ध्वनियोजनेसाठी तज्ज्ञ बोलावतात. इथे थंडी, तणस आणि माणसं एवढ्यावर भागतं. गॅसबत्तीच्या काळात, माइक नव्हते तेव्हा, हाच भरवसा होता.

माइक आले आणि अभिनयाची चाल बदलली. मंचावर दोरीने टांगलेले दोन-तीन माइक असतात. नटाने संवाद म्हणायचा तर त्याखाली यायचं, गाणं म्हणायचं तर नेमकं त्याखाली उभं राहायचं. खलनायक दारातून गरजत येतो, पण पहिली चार पावलं त्याचं तोंड नुसतं हलताना दिसतं. माइकखाली पोचला की गर्जना सुरू होते. नायिका बेशुद्ध पडते तीही माइकपासून फार दूर नाही. नवखा नट मरताना मागे कोसळला तर त्याचं शेवटचं वाक्य प्रेक्षकांना प्रॉम्प्टरकडून ऐकावं लागतं. विंगेत बसलेल्या या प्रॉम्प्टरवर कुणीतरी स्वतंत्र लेख लिहायला हवा. वहीवर बॅटरी धरून रात्रभर अख्खं नाटक तो हलक्या आवाजात म्हणतो. नट तीन रात्री जागलेला आहे की ताजा आहे हे प्रेक्षकांच्या आधी त्याला कळतं, आणि त्या हिशेबाने तो शब्द थोडा आधी किंवा थोडा उशिरा सोडतो.

या नाट्यगृहाचं स्थापनेचं साल सांगता येत नाही. दीडशे वर्षांची परंपरा असं भाषणांत म्हणतात. विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये सांगलीला ‘सीता स्वयंवर’ केलं त्याला मराठी रंगभूमीचा आरंभ मानतात, किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ १८८० चं. तिथून ही लाट रेल्वेने, कीर्तनकारांमार्फत आणि नोकरीनिमित्त इकडे आलेल्या मास्तर-कारकुनांमार्फत झाडीत पोचली असणार. पण ती कोऱ्या जमिनीवर आली नाही. दंडार होती, खडी गंमत होती, डहाका, गोंधळ, भजन होतं. दिवसा मंडईच्या जत्रेत दंडार नाचायची, रात्री खडी गंमतीतले शाहीर उभे राहून सवाल-जवाब करायचे, आणि पुरुषच लुगडं नेसून बाईचं काम करायचे. उभ्याउभ्या होणाऱ्या या खेळांना पेंडॉल लागत नव्हता. पडद्याचं, प्रवेशांचं संगीत नाटक आलं तेव्हा बसून पाहायची गरज निर्माण झाली आणि बांधी खणावी लागली. म्हणजे नाटक बाहेरून आलं असेल, पण त्याचं घर इथलं आहे.

सुरुवातीची कैक वर्षं नाटक गावच बसवायचं. शेतकरी, मास्तर, पोलीस पाटील यांच्यात कामं वाटली जायची, पावसाळ्यात रोवणी आटोपली की तालीम सुरू, दिग्दर्शक दुसऱ्या गावचा. राजा एकाच घराण्यातला असायचा, कारण मंडळात त्या घराण्याचा दबदबा. आणि खलनायकाचं काम ज्याला मिळे त्याला ते नाव जन्मभर चिकटे. पुढे बाईचं काम बाईनेच करावं असं वाटू लागलं. नागपूरकडच्या नट्या बोलावल्या जाऊ लागल्या. त्या प्रयोगाच्या आदल्या दिवशी यायच्या, एक तालीम करायच्या आणि गावच्या राजाला मंचावर सांभाळून न्यायच्या. त्या बायांनी किती राजांची लाज राखली ते त्यांनाच ठाऊक. या काळात गडकऱ्यांचा ‘एकच प्याला’ आणि अत्र्यांची ‘लग्नाची बेडी’ धानाच्या बांधीत झाली, आणि झाडीबोलीच्या वळणाने बोलणाऱ्या सुधाकरालाही लोक रडले.

मग वडसा. गोंदिया ते चांदाफोर्ट या रेल्वेमार्गावरचं हे गाव. गडचिरोली जिल्ह्याचं दीर्घकाळ एकुलतं एक स्थानक. नट नागपूरहून येवोत की गोंदियाहून, उतरायला वडसाच सोयीचं. तिथे बिऱ्हाडं झाली, बिऱ्हाडांच्या कंपन्या झाल्या, पडदे रंगवणारे, ड्रेपरीवाले, ऑर्गन-तबलावाले, पत्रकं छापणारे असे सगळे आले. आज पन्नासच्या आसपास कंपन्या तिथून चालतात आणि हंगामात कोट्यवधींची उलाढाल होते. दसऱ्यानंतर गावोगावच्या मंडळांची माणसं तिथे जातात, कुणाची तारीख मोकळी ते पाहतात, बयाणा देतात. गावाने नाटक बसवण्याऐवजी ठरवून आणण्याची पद्धत पडली ती इथून. जुन्या माणसांना हे फार लागलं. गावचा नट संपला, असं ते म्हणतात, खरंही आहे. पण मंडळ संपलं नाही. नट मंचावरून उतरला आणि तिकीटखिडकीवर जाऊन बसला.

परशुराम खुणे यांच्याबद्दल न लिहिता हा इतिहास पुढे नेता येणार नाही. कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचा हा शेतकरी-नट. ८०० हून अधिक नाटकं, ५,००० हून अधिक प्रयोग अशी त्यांच्या कामाची नोंद आहे, आणि २०२३ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. झाडीपट्टीचे दादा कोंडके म्हणून लोक त्यांना ओळखतात. मला ही तुलना अपुरी वाटते. सिनेमातल्या विनोदी नटाला एकदा हशा मिळाला की तो रिळावर कायम राहतो. इथे रात्री तीन वाजता, अर्धं प्रेक्षागृह पेंगत असताना, तोच हशा नव्याने काढावा लागतो, आणि उद्या चाळीस कोस दूर पुन्हा. नवरगावचे सदानंद बोरकर यांनी लेखक-दिग्दर्शक म्हणून या मंचावर गंभीर, आजचे विषय आणले. साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी झाडीबोली आणि तिथल्या लोककलांचं संकलन करून ठेवलं, नाहीतर यातलं बरंचसं ऐकीव राहिलं असतं. तृशांत इंगळे यांचा ‘झॉलीवूड’ हा चित्रपट २०२२ मध्ये आला, तेव्हा मुंबई-पुण्याकडच्या काही लोकांना पहिल्यांदाच कळलं की महाराष्ट्रात असाही एक नाट्यव्यवसाय आहे. उशीर झाला खरा.

आता हे नाटक रात्रभर का चालतं? बाहेरचे लोक हा प्रश्न विचारतात आणि आपले लोक परंपरा असं उत्तर देतात. माझं उत्तर वेगळं आहे. प्रेक्षक रेंगीने, सायकलने, पायी, पाच-सहा गावं ओलांडून येतात. वाटेत जंगल आहे. दोन तासांचं नाटक रात्री बारा वाजता संपलं तर बायका-पोरांना घेऊन त्यांनी जायचं कुठे? ताडोबाभोवतीच्या आपल्या पट्ट्यात वाघाची भीती कहाणीतली नाही, वर्तमानपत्रातली आहे. उजाडल्यावरच घरी निघता येतं, म्हणून नाटकाला उजाडेपर्यंत चालणं भाग आहे. सात-आठ तासांचा पसारा याच गरजेने वाढला. नांदी, गणेशपूजन, मग मान्यवरांचं उद्घाटन, मग पहिला अंक, मध्ये लावणी, मध्ये बक्षिसांची पुकार. अमुक गावच्या अमुक पाटलांकडून ढोलकीला शंभर रुपये, हे ऐन करुण प्रवेशात माइकवरून सांगितलं जातं, आणि मेलेल्या नवऱ्याच्या उशाशी बसलेली नायिका हात जोडून ते स्वीकारते. पत्रकावर रात्री ९ लिहिलेलं असतं. पहिला पडदा अकराच्या आत उघडला तर लोक जेवून यायचे राहतात आणि मंडळाला शिव्या देतात. उद्घाटनाची भाषणं मात्र कमी करायला हवीत. निवडणुकीच्या वर्षी दीडेक तास त्यांतच जातो.

मंडई, पट आणि नाटक हे त्रिकूट. दिवाळीची भाऊबीज झाली की मंडई, त्या निमित्ताने माहेरवाशिणी आणि पाहुणे, दुपारी शंकरपट, रात्री नाटक. घरोघरी पाहुण्यांच्या पंगती उठतात. मंडळाला तिकिटांतून उरतं त्याहून जास्त गावाचं पाहुणचारात जातं, हा हिशेब कुणी मांडत नाही. सोयरिकी इथेच जुळतात. मुलगी बायकांच्या बाजूला बसलेली असते, मुलगा धुऱ्यावर, आणि मध्यस्थ मामा नाटकाकडे पाठ करून दोन्हीकडे पाहत असतो. नाटकात हुंडा मागणाऱ्या सासऱ्याला प्रेक्षक शिव्या घालत असतात, त्याच वेळी मागे देण्याघेण्याचं बोलणं चाललेलं असतं.

या त्रिकुटाचा एक पाय ७ मे २०१४ रोजी निखळला. सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने बैलांच्या शर्यती बंद झाल्या आणि पट थांबला. नाटकांचं काय होणार अशी धास्ती होती. पटाला येणारा बाहेरगावचा पुरुष प्रेक्षक घटला, काही गावांनी नाटकही सोडलं. पण बऱ्याच ठिकाणी मंडईच्या आधाराने ते टिकलं, कारण बायकांना पटाशी फारसं देणंघेणं नव्हतंच. त्या नाटकाला यायच्या. १६ डिसेंबर २०२१ ला न्यायालयाने महाराष्ट्रात शर्यतींना अटींसह परवानगी दिली आणि १८ मे २०२३ ला घटनापीठाने राज्यांचे कायदे वैध ठरवले. पट परतला.

मध्ये नोव्हेंबर २०१६ मध्ये हंगाम नुकताच सुरू झालेला असताना पाचशे-हजाराच्या नोटा बाद झाल्या. या धंद्यात बयाणा रोख, तिकीट रोख, नटाची बिदागी रोख. मंडळांनी उधारीवर निभावलं. त्याहून मोठा फटका २०२० चा. त्या मार्चची टाळेबंदी होळीनंतर लागली, म्हणजे तो हंगाम जवळपास पार पडला होता. मार बसला तो पुढच्या, २०२०-२१ च्या हंगामाला. नट-नट्या, वाजवणारे, पडदेवाले यांना वर्षभराची मिळकत या चार महिन्यांत करायची असते. कुणी धानाच्या मजुरीला गेलं, कुणी भाजीचं दुकान टाकलं. गावांचं नुकसान पैशात कमी होतं. पण त्या वर्षी बांधी न खणल्याने कित्येक गावांत मंडळाची बैठकच झाली नाही, आणि बैठक एकदा मोडली की पुन्हा बसवायला भांडणं आधी निस्तरावी लागतात.

कायद्याशी या नाट्यगृहाचं नातं नेहमी अवघडच. नाटकाची संहिता रंगभूमी परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर हवी, पोलिसांची परवानगी हवी, आणि २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक बंद हवा. शहरातल्या लग्नाच्या डीजेला डोळ्यांपुढे ठेवून केलेला हा नियम शब्दशः लावला तर झाडीपट्टीचं नाटक सुरू होण्याआधीच संपतं. दर हंगामात हा प्रश्न निघतो, निवेदनं दिली जातात, आणि नाटक कुणाच्या तरी समजूतदारपणावर चालतं. समजूतदारपणाची बदली झाली की अडचण. ध्वनीचा त्रास खरा असतो हे मान्य. पण ज्या आवाजाने सगळं गाव जागं आहे आणि ज्याच्यासाठी गावाने वर्गणी दिली आहे, त्याला वेगळा नियम असायला हरकत नसावी.

दारूचं सांगायचं राहिलं. गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी, चंद्रपुरात १ एप्रिल २०१५ ते २०२१. झाडीपट्टीच्या निम्म्या नाटकांत दारुड्या नवरा असतो आणि शेवटच्या अंकात त्याचे डोळे उघडतात. पेंडॉलच्या मागच्या बाजूला मात्र उघडे डोळे कमीच. भांडणं तिथूनच सुरू होतात, आणि मंडळाचे चार दणकट कार्यकर्ते नाटक न पाहता रात्रभर तिथे उभे असतात. त्यांचं नाव कुठल्याच पत्रकावर येत नाही.

या सगळ्यात गावाला मिळतं काय? पैशाचं म्हणाल तर चांगल्या वर्षी थोडी शिल्लक पडते. ती देवळाच्या शेडला, शाळेच्या कुंपणाला, भजनमंडळाच्या पेटीला जाते. वाईट वर्षी, म्हणजे शेजारच्या गावी त्याच रात्री दुसरं मोठं नाटक असेल किंवा अवकाळी पाऊस आला असेल तर, तोटा कार्यकर्ते वाटून घेतात. अवकाळीची गोष्ट वेगळीच. खणलेली बांधी पाण्याने भरते, आणि बांधी मुळात पाणी धरून ठेवण्यासाठीच बनवलेली असल्याने ते उतरत नाही. अशा वेळी रातोरात शाळेच्या पटांगणात मंच हलवलेला मी पाहिला आहे. प्रेक्षक सपाट जमिनीवर, मागच्यांना काही दिसत नाही, आणि त्या रात्री उतरत्या बैठकीची किंमत सगळ्यांना कळली.

आसामात फिरती नाट्यगृहं आहेत. १९६३ मध्ये पाठशाळा या गावी अच्युत लहकर यांनी ‘नटराज थिएटर’ काढलं तिथून त्यांचा विस्तार झाला. ती पाहून आपल्याकडचे जाणकार म्हणतात, आपल्या कंपन्यांनीही तसे स्वतःचे तंबू, स्वतःचे मंच घेऊन फिरावं. त्यात सफाई येईल हे खरं. पण तिथे नाट्यगृह कंपनीचं असतं आणि गाव प्रेक्षक. आपल्याकडे कंपनी पाहुणी आणि गाव यजमान. हे नातं उलटं करायचं की नाही याचा विचार आधी व्हावा.

दुसरी मागणी पक्क्या सभागृहाची. चंद्रपूरला प्रियदर्शिनी सभागृह आहे, तसं तालुक्याच्या ठिकाणी व्हावं, असं अनेकांना वाटतं. व्हावं की, शाळांची संमेलनं होतील, व्याख्यानं होतील. कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह शाहू महाराजांच्या काळात, १९१५ मध्ये उभं राहिलं आणि ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री जळालं तेव्हा अख्खं शहर हळहळलं. वास्तूचं मोल असं असतं. मात्र झाडीपट्टीचं नाटक काँक्रीटच्या सभागृहात नेल्याने ते सुधारेल या समजुतीशी मी सहमत नाही. मोजून काढलेल्या खुर्च्या, रात्री साडेअकराला दिवे घालवणारा चौकीदार आणि आगाऊ भरायची अनामत रक्कम यांत आपलं नाटक मावणार नाही. शिवाय प्रत्येक गावात सभागृह होणार नाही; नाटक मग तालुक्यालाच होईल आणि खेड्यातली बैठक कायमची मोडेल. सरकारला खर्चच करायचा असेल तर गावाजवळ एक उतरतं मैदान राखून द्यावं, विजेची जोडणी द्यावी, आणि बायकांसाठी स्वच्छतागृह व नट्यांना कपडे बदलायला दाराला कडी असलेली खोली बांधावी. अंधारात धुऱ्यापलीकडे जाण्याची पाळी आजही बायकांवर येते. रात्रभर बसणाऱ्यांत त्यांचीच संख्या मोठी, आणि या सोयीचा विचार मात्र ठराव लिहिणाऱ्या पुरुषांना सगळ्यांत शेवटी सुचतो.

दस्तऐवजांबद्दल लिहितो आणि थांबतो. या इतिहासासाठी जुनी पत्रकं, मंडळांच्या जमाखर्चाच्या वह्या आणि प्रॉम्प्टरच्या संहिता चाळल्या. वह्या बऱ्याचशा वाळवीने खाल्लेल्या. संहितांवर समासात तीन-तीन नटांची नावं खोडून लिहिलेली. पत्रकं सुंदर, लाल-निळ्या शाईत नटांच्या बिरुदांसह नावं, दरपत्रक, ‘भांडण करणाऱ्यास पोलिसांच्या ताब्यात दिले जाईल’ ही तळटीप. त्यांत एक ठरलेला दोष आहे. तारीख असते, वार असतो, वेळ असते, कुणाच्या शेतात तेही असतं, साल नसतं. छापणाऱ्याला आणि वाचणाऱ्याला ते माहीतच होतं. तारीख आणि वार जुळवून साल काढता येतं, पण तेच जुळणं काही वर्षांनी पुन्हा येतं आणि मग कोणत्या नटाने कोणती कंपनी कधी सोडली यावरून अंदाज बांधावा लागतो. ज्यांच्या घरी अशी पत्रकं ट्रंकेत किंवा पोथीत घडी घालून ठेवली असतील त्यांनी म्हाताऱ्या माणसांना विचारून मागच्या कोऱ्या बाजूला पेन्सिलीने साल टाकावं, आणि एक झेरॉक्स मंडळाकडे द्यावी. मूळ कागद कुणालाही देऊ नये, मला तर मुळीच नको.